उलट्या आजीचा हात

मंगळवारी सकाळी दिवेवाल्याने सेटवरचा निळा दिवा काढून साधा पांढरा लावला, आणि वटवाघळांच्या आजीचा उजवा हात तपकिरी निघाला.

बाहुल्या हलवणारी ती हातातला चिमटा तसाच धरून बघत राहिली. तपकिरी हात खारींचे. वटवाघळांचे राखाडी. खारीच्या हाताला चार बोटं, वटवाघळाच्या हाताला तीन. दीड वर्षापूर्वी हा नियम भिंतीवरच्या तक्त्यावर तिनेच लिहिला होता, स्वतःच्या अक्षरात, खाली दोन रेघा ओढून.

"काय झालं?" दिवेवाल्याने शिडीवरून विचारलं.

"काही नाही."

हे दोन शब्द तिच्या तोंडून आपोआप निघत. दिवसातून वीसेक वेळा ती ते म्हणायची आणि त्यातल्या अठरा वेळा काहीतरी झालेलंच असायचं.

सिनेमा जेमतेम आठ मिनिटांचा, लहान मुलांसाठी. एकाच झाडावर दोन घराणी. ढोलीत खारी, फांदीला वटवाघळं. खारी म्हणायच्या, ती माणसं उलटी आहेत, त्यांच्याशी बोलायचं नाही. वटवाघळं म्हणायची, उलट्या त्याच, चोवीस तास डोक्यावर आभाळ घेऊन उभ्या राहतात. मग दोन्हीकडच्या पिल्लांची मैत्री, मग वादळ, आणि शेवटी दोन्ही घरच्या आज्या एकमेकींचा हात धरतात. एक सरळ उभी, एक उलटी लटकलेली. असं होणार हे पाच वर्षांच्या मुलालाही दुसऱ्या मिनिटाला कळतं. पण ते घडवायला चार माणसं दीड वर्ष राबत होती, कारण सगळ्या बाहुल्या तारेच्या आणि लोकरीच्या होत्या आणि हाताने हलवायच्या होत्या. बोट केसभर हलवायचं, बाजूला व्हायचं, फोटो काढायचा. पुन्हा केसभर. असे बारा फोटो झाले की पडद्यावर एक सेकंद सरतो. आज्यांनी हात धरायचा प्रसंग अकरा सेकंदांचा. एकशे बत्तीस फोटो, तीन दिवसांचं काम. आणि त्यातल्या पहिल्या नऊ-दहा फोटोंनंतर वटवाघळांच्या आजीला हात होता तो खारीचा.

कधी झालं ते तिला पक्कं आठवत होतं. गुरुवारी, बारा वाजून वीस मिनिटांनी. आजीच्या बोटातली तार तुटली. सुट्या हातांची पेटी टेबलाखाली होती, दोन कप्प्यांची. सेटवर रात्रीचा निळा उजेड, त्यात तपकिरी काय आणि राखाडी काय, दोन्ही सारखेच. तिने एक हात उचलला, मनगटाला स्क्रू पिळला, दोन फोटो काढले आणि पर्स उचलून पळाली. कारण साडेबाराला तिला भुंग्याला आणायला निघायचं होतं.

भुंगा म्हणजे तिची मुलगी. वय वर्षं चार. खेळताना, खाताना, झोपेतसुद्धा काहीतरी गुणगुणत असायची म्हणून भुंगा.

भुंगा सकाळी आईच्या आईकडे असायची आणि दुपारी बापाच्या आईकडे. आईच्या आईची नोकरी दवाखान्यात, परिचारिकेची, दुपारच्या पाळीची. सासूबाई शिवणकाम करायच्या, त्यांची गिऱ्हाइकं सकाळची. म्हणजे वेळा अशा जुळल्या होत्या की कुणी ठरवून जुळवल्या नसत्या. दोन्ही घरांत अंतर सात गल्ल्यांचं. एकीने मुलगी दुसरीच्या हातात दिली असती तर प्रश्नच नव्हता. पण लग्नाला पाच वर्षं होऊन गेली तरी या दोघी एका खोलीत बसलेल्या नव्हत्या. लग्न तिने आणि नवऱ्याने आपल्या मर्जीने केलं होतं, आणि दोन्हीकडच्यांचं एवढ्या एकाच गोष्टीवर एकमत होतं, की पलीकडची माणसं आपल्यातली नव्हेत. आई म्हणायची, "त्यांच्यात मुलांना गाठोड्यासारखं बांधतात. अक्कलही बांधूनच ठेवलेली." सासूबाई म्हणायच्या, "त्यांच्यात माया पातळच. पोर उघडी फिरली काय, कुडकुडली काय." दोघी एकमेकींना नावाने सोडा, नात्यानेही हाक मारत नव्हत्या. एकीसाठी दुसरी "तुझ्या सासरची", दुसरीसाठी पहिली "तुझ्याकडच्या त्या".

म्हणून ती रोज साडेबाराला स्टुडिओतून निघायची, रिक्षा करायची, आईच्या चौथ्या मजल्यावर चढायची, भुंग्याला घ्यायची, जिन्यात तिला स्वेटर, मोजे आणि कानटोपी घालायची, सात गल्ल्या ओलांडून सासूबाईंकडे सोडायची आणि दीडला परत येऊन बाहुलीसमोर उभी राहायची. कानटोपी तिच्या पर्समध्येच राहायची. आईला ती कधी दिसली नाही. आणि भुंगा सकाळभर गच्चीवर अनवाणी नाचते, हे सासूबाईंना कधी कळलं नाही. निरोपसुद्धा तीच पोचवायची, कातरून. "सांग तिला, पोरीला घाम येऊन पुरळ उठलंय," असं आई म्हणाली की सासूबाईंपर्यंत पोचायचं, "आई विचारत होती, बरं आहे ना सगळं." नवऱ्याला सांगावं तर तो दुसऱ्या गावी पुलाच्या कामावर, शनिवारी यायचा. फोनवर म्हणायचा, "तूच बघ ना. तुला दोघींचं बरोबर कळतं."

कळत होतंच. कळून कळून तिच्या पाठीचा काटा ढिला झाला होता.

दिग्दर्शक दहाच्या सुमारास आले. सगळे त्यांना मास्तर म्हणायचे. त्यांनी पडद्यावर ते अकरा सेकंद लावले, निळ्या उजेडातले. खारीची आजी हात वर करते, वटवाघळांची आजी खाली, बोटं भेटतात, गुंफतात.

"हम्," मास्तर म्हणाले.

"काय?"

"काही खटकतंय. कळत नाही काय. फार गोड झालंय का? दोघी लगेच विरघळल्या, साखरेच्या असल्यासारख्या." त्यांनी डोळे चोळले. त्यांनाही झोप नव्हती. "बघू. शुक्रवारी द्यायचंच आहे. चालवून घेऊ."

चालवून घेऊ. तिचा जीव भांड्यात पडला. एवढ्या उजेडात कुणाच्या बापाला दिसणार आहे? ती साडेबाराला निघाली.

आईच्या जिन्यात तिने भुंग्याला स्वेटर घातला. मोजे घातले. कानटोपी घालताना भुंगा म्हणाली, "हे खारींचे कपडे."

"का गं?"

"गच्चीवाली आजी उघडी, शिलाईवाली आजी गुंडाळलेली. मी आत्ता खार झाले."

ती हसली. हसू अर्ध्यावरच थांबलं, पण घाई होती. सासूबाईंच्या इमारतीपाशी रिक्षा सोडली. भुंगा गुणगुणत होती ती दारापाशी गप्प झाली. जिना चढताना एक पायरी, दोन पायऱ्या, गाल फुगलेले, चेहरा लाल. तिसऱ्या वळणावर भुंग्याने कठड्याला धरलं आणि मटकन खाली बसली.

"भुंग्या! काय होतंय? बोल. बोल ना गं!" तिने कपाळाला हात लावला, छातीला कान लावला, नखं पाहिली. चार वर्षांत जेवढे आजार वाचले होते तेवढे सगळे डोळ्यांपुढून गेले.

भुंग्याने फुस्सकन श्वास सोडला. "काही नाही," ती म्हणाली. अगदी आईच्या आवाजात.

"काही नाही काय? श्वास का कोंडलास?"

"गच्चीवाली आजी म्हणते इथली हवा वाईट. खिडक्या बंद असतात ना. म्हणून मी जिन्यात नाही घेत. आत गेल्यावर थोडा थोडा घेते."

"कधीपासून?"

भुंग्याला 'कधीपासून' कळत नव्हतं. तिने बोटं दाखवली, आधी चार, मग सगळी. मग हळूच म्हणाली, "आणि शिलाईवाली आजी म्हणते तिकडचं पाणी गार असतं. म्हणून मी तिकडे पाणी नाही पीत. कुणाला सांगू नको हं. तू पण नाही ना सांगत टोपीचं."

ती पायरीवर बसून राहिली. एक वाजून गेला. वर शिवणयंत्राचा आवाज येत होता, थांबत होता, पुन्हा येत होता. रडावं असं तिला वाटलं, पण रडायलाही अंगात त्राण लागतं. शेवटी तिने भुंग्याला पाणी पाजलं आणि तसंच वर नेऊन सोडलं. सासूबाईंना म्हणाली, "उशीर झाला, येते."

स्टुडिओत आल्यावर ती थेट मास्तरांपुढे उभी राहिली.

"वटवाघळांच्या आजीला मी खारीचा हात लावलाय. गुरुवारपासून. सकाळी कळलं मला. बोलले नाही."

मास्तरांनी पडदा पाहिला, बोटं मोजली. एक, दोन, तीन, चार. "तरीच." दिवेवाला म्हणाला, "मास्तर, निळ्यात कुणाला दिसतंय?"

"मोठ्यांना नाही दिसणार. पोरं बोटं मोजतात रे. त्यांना दुसरा उद्योग काय असतो?" मास्तर तिच्याकडे वळले. रागावलेले नव्हते, नुसते दमलेले. "आज सेट लाव. बुधवार, गुरुवार, शुक्रवार. पण एक सांगतो, वाईट वाटून घेऊ नकोस. मध्येच उठून जाणं आता नाही चालणार. तू दुपारी गेलीस की दिवा तापून निवतो, लोकर फुगते, उजेड बदलतो. आणि परत येतेस तेव्हा तुझं अर्धं चित्त रिक्षातच असतं. तीन दिवस सलग बसणार असशील तर तू कर. नाहीतर प्रसंग मी करतो. माझे हात थरथरतात, पण करतो."

दीड वर्षात तिने पिल्लं हलवली होती, वादळातली पानं हलवली होती. हा एक प्रसंग पहिल्या दिवसापासून तिचा होता.

"मीच करते," ती म्हणाली, आणि मनात म्हणाली, कशी करणार आहेस?

संध्याकाळी सासूबाईंकडे गेली तेव्हा त्या कुणाच्या तरी बाहीला काज करत होत्या. भुंगा चिंध्यांच्या ढिगात झोपली होती, कानटोपीसकट.

"अहो आई, उद्यापासून तीन दिवस मला दुपारी येता येणार नाही."

"मग पोरगी?"

"तुम्ही घेऊन यायची. आईकडून."

सुई थांबली. "मी? त्यांच्या दारात?"

"दारात नको. औषधाच्या दुकानापाशी. मध्येच पडतं दोघींना. आई तिथवर आणेल."

"आणेल म्हणजे कबूल झाल्या त्या?"

नेहमीचं उत्तर जिभेवर तयार होतं, हो, आनंदाने. ते तिने गिळलं. "अजून विचारलं नाही. तीही असंच तोंड करणार आहे." मग थांबली नाही, थांबली असती तर पुन्हा कातरायला लागली असती. "आणि अजून एक. ती टोपी मी जिन्यात घालते. रोज. तिकडे ती उघडीच असते. आणि तुमच्या जिन्यात ती श्वास कोंडून चढते, कारण तिला सांगितलंय की इथली हवा वाईट. आणि तिकडे पाणी पीत नाही, कारण तुम्ही सांगितलंय की ते गार असतं. चार वर्षांची आहे हो ती. एका घरी श्वास नाही, एका घरी पाणी नाही."

सासूबाईंनी सुई उशीला टोचली. झोपलेल्या भुंग्याकडे पाहिलं. "मी आपलं सहज म्हटलं होतं," त्या म्हणाल्या.

आईला फोनवर सांगितलं तेव्हा तिकडून आधी वॉर्डातली घंटा ऐकू आली, मग आई. "श्वास कोंडते? किती सेकंद?" परिचारिकाच ती. मग आवाज चढला. "मी काय असं म्हटलं होतं होय? खिडक्या उघडा म्हणून सांगायला सांगितलं होतं तुला. सांगितलंस का?"

"नाही."

"का?"

"कारण त्या जे म्हणतात तेही मी तुला सांगत नाही."

"काय म्हणतात?"

"उद्या भेटणारच आहात. विचार."

बुधवारी बाराला तिचं लक्ष घड्याळाकडे जायला लागलं. खारीच्या आजीची तर्जनी केसभर वर, फोटो. केसभर वर, फोटो. साडेबारा. रस्ता मोठा आहे. दोघींनाही वाटलं दुसरीने ओलांडावा तर? दोघीही अडून बसल्या आणि भुंगा मधल्यामध्ये पळाली तर? बारा पस्तीस. केसभर. फोन गप्प. शेवटी पाऊणला सासूबाईंचा मोठ्या अक्षरांतला निरोप आला: पोचलो. एवढंच. चार फोटो हललेले आले होते ते तिने पुसले आणि पुन्हा काढले.

संध्याकाळी भुंग्याला विचारलं, "काय झालं गं दुपारी?"

"हात दुखला."

"कुणी मारलं?" तिचा आवाज फाटला.

"नाही गं. गच्चीवाल्या आजीने हा हात धरला होता. शिलाईवाली आजी आली, तिने हा धरला. मग कुणी सोडेचना."

"मग?"

"मग रस्ता आला. मग दोघींनी मला झुलवत नेलं. पलीकडे गेलो तरी कुणी सोडेना. मग जिन्यापर्यंत गेलो."

"गच्चीवाली आजी जिन्यापर्यंत आली? बोलल्या का काही?"

"गच्चीवाली आजी म्हणाली, भुंग्या, सांग, जिना हवेशीर आहे. मग शिलाईवाली आजी म्हणाली, भुंग्या, सांग, तिकडचं पाणी चांगलं असतं. मी म्हटलं, मला काय सांगताय, मी मध्ये आहे."

तिने भुंग्याच्या मनगटावर पाहिलं. दोन्ही मनगटांवर पुसट लाल खुणा होत्या. बोटांच्या. तिने त्या मोजल्या, मग पुन्हा मोजल्या.

गुरुवारी सकाळी ती मास्तरांना म्हणाली, "मला शेवट बदलायचाय. बोटं गुंफायची नाहीत."

"मग?"

"खारीचं पिल्लू मध्ये घेते. एका आजीने एक हात धरलाय, दुसरीने दुसरा. उलटी वर ओढतेय, सरळ खाली. कुणी सोडत नाही. मग हात भरून येतो. मग एकीची मूठ घसरते, पिल्लाच्या हातावरून दुसरीच्या मनगटावर. ती काढून घेत नाही. बस, एवढंच."

"हसत नाहीत?"

"दमतात."

मास्तरांनी डोकं खाजवलं. "मुलांना कळेल?"

"मुलांनाच कळेल."

"काल केलेलं सगळं फुकट जाईल."

"चाळीस फोटो वापरता येतात. मी मोजलेत."

"कर बाई," मास्तर म्हणाले आणि खुर्चीत बसल्या बसल्या डोळे मिटून घेतले.

तिने खारीचं पिल्लू मध्ये बसवलं. आजीचा मंगळवारीच बदललेला राखाडी हात पांढऱ्या दिव्याखाली पुन्हा मोजून पाहिला, एक, दोन, तीन, आणि मनगटाचा स्क्रू पिळला. मग दिवेवाल्याला म्हणाली, "करा निळं."

साडेबाराला एकसष्टावा फोटो झाला. मास्तर म्हणाले, "दिवा निवू देत नाही मी, पण तू दोन घास खाऊन घे." तिने डबा उघडला. या वेळेला तिने या टेबलावर कधी डबा उघडलाच नव्हता. भाजीवर तेल थिजलं होतं. बाहेरच्या गल्लीत या वेळेला इतकी शांतता असते हे तिला ठाऊक नव्हतं. आता या वेळेचं करायचं काय, हेही ठाऊक नव्हतं. पहिला घास हातात होता आणि फोन वाजला.

"हॅलो? आई? काय झालं? कुठे आहात?"

"कुठे असणार, औषधाच्या दुकानापाशी. उन्हात." आईचा आवाज तापलेला होता. मागे मोटारी, आणि मागेच भुंग्याची गुणगुण. "तुझ्या सासरच्यांना जरा सांग. एवढं ऊन आहे आणि पोरीला लोकरीची टोपी घालायला निघाल्यात. त्यांना म्हणावं, डोकं तापेल."

मागून सासूबाई, फोनला ऐकू जाईल अशा बेताने: "तिला सांगा, काल डावा कान दुखत होता म्हणत होती पोर."

तिने घास डब्यात ठेवला. दोघींचं काय कातरायचं आणि काय जोडायचं हे सवयीने डोक्यात फिरायला लागलं होतं. आई, त्यांना काळजी वाटते गं. अहो आई, ती सहज म्हणतेय. एका दमात सगळं तयार होतं. समोर निळ्या उजेडात दोन आज्या पिल्लाला धरून ताटकळत उभ्या होत्या, एक खाली डोकं, एक वर.

"आई," ती म्हणाली, "मी जेवतेय."

"अगं पण त्यांना सांग की..."

"त्या कुठे आहेत?"

"इथेच. माझ्यासमोर."

"किती लांब?"

"म्हणजे? हातभर."

"मग तूच सांग."

पलीकडे एक मोटार गेली. आणखी एक. फोन ठेवावा की न ठेवावा तिला कळेना, म्हणून तो कानाला दाबून ती बसून राहिली. भुंगा गुणगुणायची थांबली होती. श्वास तर कोंडला नाही ना हिने?

मग आईचा आवाज आला, फोनपासून लांब, दुसरीकडे वळलेला, घसा खाकरून, वॉर्डात नव्या रुग्णाशी बोलावं तसा.

"अहो, विहीणबाई. ऐकलंत का? बघू जरा तिचा कान. कुठला म्हणालात, डावा?"